पांढरा ऊस, तरंगता कॅमेरा : कालातोझोव्हविषयी वाचकांचे प्रश्न

मागच्या अंकात जॉर्जियाचा छायालेखक-दिग्दर्शक मिखाईल कालातोझोव्ह याच्यावर एक टिपण छापलं होतं. त्यावर बेळगाव, खानापूर, निपाणी, अथणी या बाजूने पत्रं आली. उसाबद्दल अथणीने विचारलं आणि तंबाखूबद्दल निपाणीने, यात नवल काही नाही. निवडक प्रश्न आणि उत्तरं खाली दिली आहेत.

तुम्ही एका ठिकाणी कालातोझोव्ह छापलंय, दुसऱ्या ठिकाणी कालातोझिश्विली. खरं नाव कुठलं? आणि हे गृहस्थ कॅमेरामन की दिग्दर्शक? त्यांचे गाजलेले शॉट तर उरुसेव्हस्कीने घेतले असं वाचलं.
— एक विद्यार्थी, टिळकवाडी, बेळगाव

दोन्ही खरी. एकाच गोष्टीची दोन नावं असणं आपल्या भागात कुणाला समजावून सांगायला नको. जन्मनाव कालातोझिश्विली. जॉर्जियन भाषेत 'कालातोझी' म्हणजे गवंडी आणि 'श्विली' म्हणजे मूल, म्हणजे हे गवंड्याचं पोर. पुढे शेपूट बदललं आणि कालातोझोव्ह झालं. जन्म १९०३ चा, तिफ्लिसमधला, म्हणजे आजच्या त्बिलिसीतला.

आता कॅमेरामन की दिग्दर्शक. तिफ्लिसच्या स्टुडिओत त्यांनी ड्रायव्हरपासून सुरुवात केली. मग प्रोजेक्टर चालवला, फिल्म जोडली आणि त्यानंतर कॅमेरा हातात घेतला. १९२७ च्या 'ग्युल्ली'चं छायालेखन त्यांचं आहे. १९२८ मध्ये नुत्सा गोगोबेरिद्झे या दिग्दर्शिकेबरोबर त्यांनी 'त्यांचं साम्राज्य' हा माहितीपट केला. १९३० च्या 'सॉल्ट फॉर स्वानेतिया'चं दिग्दर्शन त्यांचं, आणि कॅमेराही शाल्वा गेगेलाश्विली यांच्या जोडीने त्यांनीच चालवला. १९३१ मध्ये 'नेल इन द बूट' आला. बुटातल्या एका वाईट खिळ्यामुळे सैनिक वेळेत पोचत नाही, अशी गोष्ट. लाल सेनेची बदनामी म्हणून त्यावर बंदी आली आणि पुढची बरीच वर्षं कालातोझोव्हच्या नावावर चित्रपट नाही. नंतर ते त्बिलिसीच्या स्टुडिओचे प्रमुख झाले, युद्धकाळात सोव्हिएत सिनेमाचे प्रतिनिधी म्हणून लॉस एंजेलिसला राहिले, पुढे चित्रपट खात्यात उपमंत्रीही होते.

सेर्गेई उरुसेव्हस्की हा रशियन, शिक्षण चित्रकलेचं, युद्धात आघाडीवर कॅमेरा घेऊन फिरलेला. 'द क्रेन्स आर फ्लाइंग' (१९५७), 'लेटर नेव्हर सेंट' आणि 'आय अ‍ॅम क्यूबा' (१९६४) हे तिन्ही त्याने टिपले. यातल्या 'क्रेन्स'ला १९५८ मध्ये कान चित्रपट महोत्सवाचं सर्वोच्च पारितोषिक मिळालं. सगळं श्रेय उरुसेव्हस्कीला देणाऱ्यांनी आधी 'स्वानेतिया' पाहावा, असं आमचं मत आहे. खालून वर बघणारी तिरपी चौकट, माणसाला लागून धावणारा कॅमेरा, काळ्या आकाशावर उजळलेला चेहरा हे सगळं तिथे सत्तावीस वर्षं आधीच आहे, आणि तेव्हा उरुसेव्हस्की आसपासही नव्हता.

येळ्ळूरच्या राजहंसगडावर लघुपट करतोय. 'स्वानेतिया'तले दगडी मनोरे अंगावर येतात, तसा आमचा बुरूज येत नाही. फोटोत तो बसका दिसतो. चूक कुठे होते?
— एक वाचक, खानापूर

बहुधा तुम्ही फार लांब उभे राहता. बुरूज पूर्ण चौकटीत बसावा म्हणून माणूस मागे मागे जातो, आणि मागे गेलं की बुरूज पोस्टकार्डावरचा होतो.

स्वानेती (रशियन उच्चार स्वानेतिया) हा जॉर्जियाचा डोंगरी प्रदेश. तिथले हे मनोरे वीस-पंचवीस मीटर उंच. उश्गुली हे गाव समुद्रसपाटीपासून साधारण २,१०० मीटरवर, वर्षातला बराच काळ बर्फाने तुटलेलं. मीठ मिळत नाही म्हणून जनावरं माणसाचा घाम आणि मूत्र चाटतात, हा त्या चित्रपटाचा विषय. (त्याला माहितीपट म्हणतात, पण त्यातली काही दृश्यं घडवून घेतलेली आहेत. बघताना हे लक्षात असू द्या.) कॅमेरा मनोऱ्याच्या पायथ्याशी जमिनीलगत आहे, नाहीतर थेट वर, दगड फेकणाऱ्या माणसांच्या शेजारी. मधल्या, आपल्या डोळ्याच्या उंचीवर तो फारसा राहत नाही.

तुम्ही असं करा. बुरुजाच्या उंचीच्या पाव ते निम्म्या अंतरावर या. कॅमेरा गुडघ्याखाली घ्या. भिंग रुंद लावा, फुल-फ्रेम (मोठ्या सेन्सरच्या) कॅमेऱ्यावर १६ ते २० मिमी, फोनवर 'अल्ट्रावाइड'. कॅमेरा वर कलता केला की उभ्या रेषा आकाशात एकत्र धावतात, आणि तेच हवं आहे. फोनमध्ये रेषा आपोआप सरळ करणारी सोय असते, ती आधी बंद करा, नाहीतर फोन सगळी मेहनत गुपचूप पुसून टाकेल. बाजूला तिरकं करायचं असेल तर १० ते १५ अंश करा. ५ अंशांचा तिरपा चुकून झाल्यासारखा वाटतो आणि ३० च्या पुढे गेलात की बघणारा बुरूज सोडून तुमच्याकडे बघू लागतो.

दुपारी बाराला दगड सपाट दिसतो. सकाळी आठ-नऊ किंवा संध्याकाळी चार-पाचच्या सुमारास ऊन भिंतीला घासून जातं, तेव्हा प्रत्येक चिऱ्याला सावली मिळते. आकाश काळं हवं असेल तर भिंगावर गडद लाल फिल्टर लावा. तो प्रकाश आठवा हिस्सा करतो, म्हणजे तीन स्टॉप जास्त द्यावे लागतील (एक स्टॉप म्हणजे दुप्पट प्रकाश). फोनवर कृष्णधवल करताना निळ्याची पट्टी खाली ओढली तरी बरंचसं काम होतं. ढगाळ दिवशी यातलं काहीच चालत नाही, कारण काळं करायला निळं आकाशच नसतं.

'आय अ‍ॅम क्यूबा'मधला ऊस बर्फासारखा पांढरा आहे. रंगवला होता का? आमच्याकडे दोन एकर ऊस उभा आहे, तसा टिपता येईल का?
— एक ऊसकरी वाचक, अथणी

रंगवला नाही. ती फिल्मच वेगळी होती. सोव्हिएत लष्करासाठी बनणारी इन्फ्रारेड, म्हणजे अवरक्त प्रकाश टिपणारी कृष्णधवल फिल्म उरुसेव्हस्कीने क्यूबातल्या शेतांसाठी आणि माडांसाठी वापरली. कूळ म्हणून ऊस पिकवणारा म्हातारा, जमीन परक्या कंपनीला विकली गेल्याचं कळल्यावर उभा फड पेटवतो, तो भाग आठवा. पांढरा ऊस, जवळजवळ काळं आकाश आणि मध्ये घामाने चकाकणारा माणूस.

पान पांढरं का दिसतं हे समजून घ्या, म्हणजे पुढच्या चुका टळतील. हरितद्रव्य निळा आणि लाल प्रकाश खातं, म्हणून पान आपल्याला हिरवं दिसतं. साधारण ७०० नॅनोमीटरच्या पुढच्या प्रकाशाला मात्र हरितद्रव्य हात लावत नाही. तो पानाच्या आत शिरतो, पेशी आणि त्यांच्यामधल्या हवेच्या पोकळ्यांवर आपटून विखुरतो आणि जवळपास निम्मा परत बाहेर येतो. हरितद्रव्य तो परतवतं असं बऱ्याच ठिकाणी छापलेलं असतं, ते चूक. परतवतो तो पानाचा गाभा. आकाशाचं उलट आहे. हवा आखूड लहरी जास्त विखुरते. ४५० नॅनोमीटरच्या निळ्याच्या मानाने ८०० नॅनोमीटरला विखुरणं दहाव्या हिश्श्यावर येतं, म्हणून स्वच्छ आकाश काळवंडतं. ढगांचे थेंब मोठे, ते सगळंच परतवतात आणि पांढरेच राहतात.

यावरून वेळ ठरते. पाला हिरवागार हवा. तोडणीला आलेला, खाली पाचट लोंबणारा फड उठून दिसत नाही, कारण पाचट साध्या फोटोतही फिकट आणि इथेही फिकट, मग फरक कसला? पाऊस उघडल्यावर, सप्टेंबरअखेर ते नोव्हेंबर, आकाश धुतलेलं असतं आणि वाढ्यापर्यंत ऊस हिरवा असतो, तेव्हा टिपा. एरवी छायाचित्रकार दुपारच्या उन्हाला नावं ठेवतात, इथे अकरा ते तीन हीच वेळ चांगली. सूर्य पाठीशी किंवा बाजूला ठेवा. पहाटेचं धुकं मात्र अवरक्त भेदत नाही. दूरवरचा धुरकटपणा जातो, धुक्याचे थेंब जात नाहीत.

आता कॅमेरा. जवळजवळ प्रत्येक डिजिटल कॅमेऱ्यात सेन्सरवर अवरक्त अडवणारी काच बसवलेली असते. किती अडवते हे बघायला टीव्हीच्या रिमोटचं टोक भिंगासमोर धरून बटण दाबा. पडद्यावर जांभळट ठिपका ठळक लुकलुकला तर काच ढिली आहे. फोनच्या मागच्या कॅमेऱ्यात नाही दिसला तर पुढच्या कॅमेऱ्यात बघा.

दोन रस्ते आहेत. पहिला म्हणजे ७२० नॅनोमीटरचा फिल्टर घेऊन आहे त्याच कॅमेऱ्यावर लावणं. तो डोळ्याला जवळजवळ काळा दिसतो, म्हणून फोकस आणि चौकट आधी ठरवून मग लावा. भर उन्हातसुद्धा आयएसओ (सेन्सरची संवेदनशीलता) ४०० आणि भिंगाचं छिद्र एफ ८ वर काही सेकंदांपासून अर्ध्या मिनिटापर्यंत प्रकाश द्यावा लागेल. तिकाटणं हवंच. वारा असेल तर उसाची पानं पुसट होतात, आणि ऊस कधी थांबतो? व्हिडिओ या रस्त्याने होत नाही.

दुसरा रस्ता म्हणजे जुना डीएसएलआर किंवा मिररलेस कॅमेरा घेऊन आतली अडवणारी काच काढायची आणि तिथे ७२० ची काच बसवायची. मग १/१२५ सेकंदावर हातात धरून टिपता येतं, व्हिडिओही होतो. हे घरी स्क्रू काढून करू नका. फ्लॅशच्या कपॅसिटरमध्ये ३०० व्होल्टच्या आसपास साठून असतात, बॅटरी काढली तरी. शिवाय काचेची जाडी जराशी बदलली की फोकस बिघडतो. काम माहीत असलेल्या दुरुस्तीवाल्याकडेच द्या, आणि घेताना लांबच्या झाडावर फोकस लागतो का ते दुकानातच तपासा.

नेहमी बिघडतं ते असं. चौकटीच्या मधोमध फिकट गोल डाग येतो. तो भिंगाचा दोष, काही भिंगांना असतो, आणि एफ १६ ला वाढतो. एफ ५.६ ते ८ वर थांबा. डीएसएलआरचा व्ह्यूफाइंडर फोकस चुकवतो, कारण अवरक्ताचा फोकस वेगळ्या जागी पडतो. जुन्या भिंगांवर यासाठी लाल खूण असायची. मागच्या पडद्यावर बघून फोकस केलात तर ही अडचण येत नाही. कॅमेऱ्याच्या प्रकाशमीटरवर विश्वास ठेवू नका. एकाच चौकटीचे तीन फोटो दोन-दोन स्टॉपच्या फरकाने घ्या आणि पानाची शीर ज्यात दिसते तो ठेवा. पांढरं जळून गेलं की परत येत नाही.

माणूस उभा करणार असाल तर कपडे आधी तपासा. काळ्या रंगाचा कितीतरी कपडा अवरक्तात राखाडी किंवा पांढरा निघतो. कातडी दुधासारखी गुळगुळीत दिसते आणि डोळे काळेभोर. हे कधी सुंदर वाटतं, कधी भुतासारखं.

फोनच असेल तर साधा फोटो कृष्णधवल करताना पिवळ्याची पट्टी पूर्ण वर आणि निळ्याची खाली ओढा. पट्टी हिरव्याची नाही, पिवळ्याची, कारण पानांचा रंग यंत्राला बहुतेक पिवळ्यातच दिसतो. ऊस उजळेल, बर्फ होणार नाही. आणि हो, चित्रीकरणासाठी फड पेटवू नका. शेजारच्याचा जाईल.

लग्नाचं शूटिंग करतो. 'आय अ‍ॅम क्यूबा'तलं रुंद भिंग घेतलं, पण नवरीचं नाक मोठं येतं आणि कडेचे पाहुणे जाडे. त्यांना कसं चालत होतं?
— एक व्हिडिओग्राफर, संकेश्वर

त्यांना नाक मोठं यायचं असेल तेव्हाच यायचं. 'आय अ‍ॅम क्यूबा'चा फार मोठा भाग ९.८ मिमीच्या भिंगावर आहे, हलक्या फ्रेंच एक्लेर कॅमेऱ्यावर लावलेल्या. ३५ मिमी फिल्मच्या चौकटीवर ते आडवा साधारण ९७ अंशांचा पट्टा बघतं, म्हणजे तुमच्या फुल-फ्रेमवरचं १६ मिमी. त्याचा मोठा फायदा फोकसचा. एफ ५.६ वर ते पाऊण मीटरच्या आसपास लावून ठेवलं की हातभर अंतरापासून क्षितिजापर्यंत सगळं स्पष्ट. धावत्या कॅमेऱ्याबरोबर फोकस ओढणारा माणूस लागत नाही. आणि रुंद भिंगात हाताचा थरथराटही कमी जाणवतो.

नाक मोठं होतं ते भिंगामुळे नाही, अंतरामुळे. अर्ध्या मीटरवरून नाक कानापेक्षा बरंच जवळ असतं. दीड मीटर मागे जा, फरक संपेल. कडेची माणसं फुगतात तो मात्र रुंद भिंगाचाच गुण, त्यामुळे मामा-मावशींना मधल्या दोन तृतीयांशात ठेवा. अक्षता पडताना, वरातीत, गर्दीत शिरताना १६ घ्या. नवरीच्या चेहऱ्याला ५० किंवा ८५ च बरं.

'आय अ‍ॅम क्यूबा'त शवयात्रेवरून कॅमेरा वर जातो आणि एका कारखान्यातून बाहेर पडतो. तो विड्यांचा कारखाना आहे का? आणि ड्रोन नसताना हे केलं कसं? शिवजयंतीच्या चित्ररथ मिरवणुकीत आम्हाला असाच एक शॉट हवाय.
— एक वाचक, निपाणी (मुक्काम सध्या बेळगाव)

निपाणीकराला तसं वाटणारच! पण विड्या नव्हेत, सिगार. विडीत तंबाखू टेंभुर्णीच्या पानात गुंडाळतात, सिगारमध्ये आत तंबाखू आणि वरचं वेष्टणही तंबाखूच्याच पानाचं.

शॉट असा आहे. झेंड्यात गुंडाळलेली शवपेटी खांद्यावरून चालली आहे. कॅमेरा तिच्याजवळून निघतो, इमारतीच्या कडेने मजल्यामागून मजला वर चढतो, रस्ता ओलांडून समोरच्या कारखान्याच्या खोलीत शिरतो. तिथले कामगार हातातलं काम टाकून झेंडा खिडकीबाहेर सोडतात, आणि कॅमेरा त्याच खिडकीतून बाहेर पडून गर्दीच्या डोक्यावरून, भर रस्त्याच्या मधोमध तरंगत जातो. सगळं एका दमात. चालत्या माणसाच्या अंगावर कॅमेरा स्थिर ठेवणारा स्टेडिकॅम यायला अजून दहा-बारा वर्षं होती.

यात जादू नाही, माणसं आहेत. कॅमेरा चालवणाऱ्याच्या अंगात हुक लावलेलं जाकीट होतं. ठिकठिकाणी तंत्रज्ञ उभे होते. ते त्याला एका कप्पीच्या दोराला अडकवायचे, वर पोचला की सोडवायचे, दुसऱ्या दोराला अडकवायचे. खोलीतून तो चालत गेला आणि खिडकीशी रस्त्यावर ताणलेल्या तारेला लटकला. एकही जोड दिसत नाही, कारण प्रत्येक जोडाच्या क्षणी बघणाऱ्याची नजर दुसरीकडे आहे. कधी शवपेटीकडे, कधी कामगारांच्या हाताकडे, कधी झेंड्याकडे. दोर-कप्पीपेक्षा ही गोष्ट जास्त शिकण्यासारखी आहे.

तुमच्या मिरवणुकीत माणूस लटकवू नका, कॅमेरा फिरवा. फोन किंवा लहान कॅमेरा गिंबलवर (हादरे शोषून कॅमेरा स्थिर ठेवणाऱ्या मुठीवर) बसवा, एकूण वजन दीड किलोच्या आत. माणसं पाच लागतील: खाली एक, वर ओढणारे दोन, गॅलरीत घेणारा एक, आणि फक्त 'सोड' म्हणणारा एक.

चित्ररथाजवळून चालत सुरू करा आणि इमारतीखाली या. वरून सोडलेल्या दोराची कडी गिंबलच्या मुठीला लावा. त्याआधी गिंबल उलट्या लटकत्या स्थितीला लावलेला असावा, नाहीतर तो ऐन वेळी स्वतःला सरळ करायला जाईल. दुसऱ्या मजल्यापर्यंत आठ मीटर धरले तर बारा सेकंदांत चढवा. त्याहून वेगात चढवलात तर खालची गर्दी नुसती पुसली जाते. गॅलरीतल्या माणसाने मूठ खालून धरायची आणि तोंडाने 'घेतला' म्हणायचं. तो शब्द ऐकल्याशिवाय वरच्यांनी दोर ढिला करायचा नाही. देताना आणि घेताना कोपर वाकलेलं ठेवा, ताठ हाताचा झटका गिंबलही लपवू शकत नाही.

उजेडाचा प्रश्न दोरापेक्षा मोठा. बाहेरून खोलीत शिरताना कॅमेरा स्वतः प्रकाश बदलतो आणि सगळं पकडलं जातं. म्हणून सूर्य मावळल्यावर वीस मिनिटांनी घ्या. बाहेरचं आकाश आणि आतला बल्ब यांची ताकद तेव्हा जवळ येते. प्रकाश आणि व्हाइट बॅलन्स दोन्ही बांधून ठेवा, व्हाइट बॅलन्स साधारण ४००० केल्विन. २५ फ्रेमवर शटर १/५० ठेवा. आपली वीज ५० हर्ट्झची, १/६० ठेवलंत तर रोषणाई पट्ट्यापट्ट्यांनी लुकलुकते. पूर्ण रात्र झाली की हा शॉट विसरा, चित्ररथाचे झगझगीत दिवे आणि अंधार एकत्र बसत नाहीत. कृष्णधवल केलात तर पिवळ्या-निळ्या दिव्यांची भांडणं आपोआप मिटतात.

विजेच्या तारांखाली किंवा शेजारी हे करूच नका. जुन्या गल्ल्यांमध्ये खांबावरून घरात जाणारी तार नेमकी गॅलरीसमोरून जाते. तीन मीटर मोकळी जागा नसेल तर घर बदला. ओला दोर वीज वाहून नेतो. गर्दीच्या डोक्यावर कॅमेरा असेल तेव्हा मुख्य दोराशिवाय आणखी एक सैल, वेगळ्या कड्याला बांधलेला दोर हवाच. तालीम सकाळी रिकाम्या रस्त्यावर, किमान दहा वेळा. आणि मंडळाला व पोलिसांना आधी सांगा.

एका शॉटला त्यांच्याकडे किती वेळ होता?
— एक वाचक, चिकोडी

४०० फुटांचं फिल्मचं मॅगझिन. ३५ मिमी फिल्म सेकंदाला २४ चौकटींनी मिनिटाला ९० फूट जाते, म्हणजे साडेचार मिनिटांना थोडं कमी. त्यातही तोंडाचे आणि शेवटचे काही फूट वाया.

'आय अ‍ॅम क्यूबा'त पोहण्याच्या तलावात कॅमेरा शिरतो तो शॉट आम्ही फोनवर केला. पाण्याखाली चौकट एकदम अरुंद झाली आणि वर आल्यावर काचेवर थेंब.
— दोन मित्र, बेळगाव

अरुंद होणारच. सपाट काचेमागून पाण्यात बघितलं की सगळं १.३३ पट जवळ दिसतं. ९७ अंशांचं भिंग पाण्यात ६८ अंशांवर येतं. म्हणून पाण्यात जाणाऱ्या शॉटसाठी सगळ्यात रुंद भिंग घ्यायचं आणि शिरायच्या क्षणी माणसाच्या जवळ जायचं.

थेंबांवर त्यांनी भिंगापुढे काचेची एक वेगाने फिरणारी चकती बसवली होती, थेंब भिरकावले जायचे. कॅमेरा स्वतः पाणी न शिरणाऱ्या डब्यात. तुमच्यासाठी स्वस्त उपाय: डब्याच्या काचेवर बाहेरून लहान मुलांच्या शाम्पूचा एक थेंब चोळा आणि पाण्याने हलकं धुवा. पाण्याचा थेंब न होता सपाट पापुद्रा होतो आणि तो दिसत नाही. डबा आधी रिकामा, आत कोरडा टिश्यू ठेवून दहा मिनिटं बुडवून बघा. तलावातच करा. गोकाकला किंवा मलप्रभेच्या पात्रात पावसाळ्यात असले प्रयोग नकोत.

जॉर्जियातला आणखी कोणता कॅमेरामन बघावा?
— एक वाचक, बेळगाव कॅम्प

लेव्हान पाताश्विली. 'फ्लाइट' (१९७०) आणि 'सिबिरियाद' (१९७९) त्यांचे. कालातोझोव्हचा मुलगा गियोर्गी हाही छायालेखक, त्याचा 'अलावेर्दोबा' (१९६२) आटोपशीर आणि फार देखणा आहे. आजचा अर्सेनी खाचातुरान याने जॉर्जियन दिग्दर्शिका देआ कुलुंबेगाश्विलीचे 'बिगिनिंग' (२०२०) आणि 'एप्रिल' (२०२४) टिपले, मधे 'बोन्स अँड ऑल'ही. 'बिगिनिंग' ३५ मिमी फिल्मवर, जवळजवळ चौकोनी १.३३ च्या चौकटीत आहे, आणि कॅमेरा बहुतेक वेळ हलतच नाही. जंगलात पाचोळ्यावर पडलेल्या बाईकडे तो मिनिटांमागून मिनिटं नुसता बघत राहतो. कालातोझोव्हच्या नेमका उलटा रस्ता. दोन्ही एकाच आठवड्यात बघा.

सोबत क्लिप पाठवतोय. 'क्रेन्स'मधल्या जिन्यासारखा शॉट करायला आमच्या इमारतीच्या जिन्याच्या मधल्या पोकळीतून फोन दोराने वर ओढला. पहिल्या मजल्यापर्यंत ठीक, मग फोन गरागरा फिरला आणि धावणारा मुलगा चौकटीबाहेर गेला. त्यांचा मुलगा कसा सुटत नाही?
— एक वाचक, कडोली

क्लिप पाहिली. दोर पिळाचा आहे, विहिरीवरचा असतो तसा. वजन पडलं की पीळ उलगडतो आणि खालचं फिरतं. तुमच्या क्लिपमध्ये फिरणं वाढत जातं, कमी होत नाही, यावरून दोष दोराचाच हे कळतं. विणलेला दोर घ्या, चार ते सहा मिमीचा.

एकच दोर असेल तर तोही थोडा फिरेल. म्हणून फूटभर लांबीची लाकडी पट्टी घ्या, तिच्या दोन टोकांना दोन दोर बांधा आणि वर दोन वेगळ्या कप्प्या लावा. पट्टी आता फिरणार नाही. तिच्या मधोमध गिंबल उलटा लटकवा आणि फिरवण्याचं काम त्यावर सोपवा. 'क्रेन्स'मध्ये कॅमेरा चढताना फिरतो, पण तो जिन्याच्याच चालीने फिरतो, म्हणून धावणारा नायक बोरिस चौकटीत राहतो आणि भिंती पळतात. तुमचा जिना एका मजल्याला एक पूर्ण फेरा घेतो. मुलगा मजला पाच सेकंदांत चढत असेल तर गिंबलचं फिरणं सेकंदाला ७२ अंश ठेवा. मजला तीन मीटरचा, म्हणजे दोर सेकंदाला ६० सेंमी वर जायला हवा. दोरावर दर ६० सेंमीला रंगीत चिंधी बांधा, आणि ओढणाऱ्याने मोठ्याने सेकंद मोजत एकेक चिंधी हातात घ्यायची. मुलाने कठड्याच्या बाजूने धावायचं, भिंतीच्या नाही. तिसऱ्या मजल्यावर तो दमतो आणि मागे पडतो हे क्लिपमध्येही दिसतंय, तेव्हा तिथून पुढे मोजणी थोडी संथ करा आणि गिंबल ६० अंशांवर आणा. शूटिंग चालू असताना पोकळीच्या तळाशी कुणी उभं राहू नये.